नखभर चंद्र

लग्न होऊन आले, तर पहिल्याच सकाळी
बूट हातात घेऊन उभी राहिले धक्क्यावर,
पाणी हटेल म्हणून.

सां मालोची मुलगी मी. आमच्याकडे
समुद्र दिवसातून दोनदा घर सोडून जातो,
खडकांची सगळी लाज उघडी टाकून,
आणि परततो तेव्हा चार मजले चढून येतो.
आईच्या स्वयंपाकघरात चुलीपेक्षा वरच्या जागी
भरतीचं वेळापत्रक टांगलेलं असे:
शिंपले कधी वेचायचे,
कोणत्या वाटेने गेलो तर परतायचं नाही.

इथे, रेप्लोतच्या बेटावर, दुपार झाली.
पाणी होतं तिथेच होतं.
एका बदकाने जागा बदलली, तेवढंच.

‘भरती कधी असते?’ मी सासऱ्यांना विचारलं.
रुनार हसले नाहीत. त्यांनी मला नेलं
पाणमापकाच्या लाकडी खोलीत.
विहिरीत तरंगता डबा, वर सावकाश फिरणारं नळकांडं,
कागदाला टेकलेली शाईची चोच.
कागदावर एक रेघ. ‘जवळजवळ सरळ,’ ते म्हणाले,
आणि ‘जवळजवळ’पाशी जरा थांबले.

मग बुचाला दाभणाने भोक पाडलेली रिकामी बाटली
त्यांनी बादलीत दाबून धरली,
सहा आकडे मोजले, उचलली.
तळाशी घोटभर पाणी.
‘डेन्मार्कपाशी आमचं दार हे एवढं.
महासागर उंबऱ्यावर येतो, आत शिरतो न शिरतो
तोच त्याला परतीचा हुकूम सुटतो.’

‘पण आतलं पाणी? त्याला चंद्र ओढत नाही?’
‘ओढतो की. या काठाला ओढतो
जवळजवळ तेवढाच त्या काठाला.
सगळ्यांच्या ताटात सारखंच वाढलं
तर ढीग कुणाच्या ताटात लागणार, ग्वेनोला?’
(माझं नाव त्यांना कधी नीट म्हणता आलं नाही.
‘वेनुला’ म्हणायचे. मी ओ द्यायचे.)

नोव्हेंबरात नैर्ऋत्येचा वारा सुटला, तीन दिवस,
आणि त्याने अख्खं आखात
बशीतल्या चहासारखं आमच्या बाजूला कलतं केलं.
पाणी सॉनाच्या पायरीपर्यंत आलं.
चंद्र तेव्हा अर्धाच होता, आणि ढगाआड.
मी आईला फोन केला: आलं! गुडघ्याच्या वर आलं!
‘किती वाजता यायचं होतं?’ तिने विचारलं.
कुणालाच ठाऊक नव्हतं.
आई गप्प झाली.
वेळ न सांगता येणारा समुद्र
तिच्या लेखी समुद्र नव्हताच, आगंतुक होता.

अल्बिनच्या पणजोबांचं नावघर
आता किनाऱ्यापासून दोनशे पावलं आत आहे.
त्याच्या दारात रास्पबेरी पिकतात.
इथे जमीन वर येतेय, वर्षाला भाताच्या दाण्याएवढी,
बर्फाचं जुनं ओझं अजून विसरत.
माझ्या सूटकेसचं हँडल पहिल्या वर्षी तुटलं,
ते मी कधी दुरुस्त केलं नाही,
हे इथेच सांगून टाकते.

रुनार गेले. कागदाच्या गुंडाळ्या माझ्याकडे आल्या.
त्यांनी शिकवलं होतं:
चंद्राच्या घड्याळाने तास लाव,
एकाखाली एक रच, वर्षानुवर्षं,
आणि बेरीज करत राहा.
वारा कधी इकडून असतो, कधी तिकडून;
वाराच वाऱ्याला खाऊन टाकेल.
खाली काय उरतं ते पाहा.

एकोणीस हिवाळे मी बेरजा केल्या.
खाली उरला दीड सेंटीमीटर.

आई तोवर नव्हती. फोन कुणाला करणार?
धक्क्यावर गेले, ओणवी झाले,
ओल्या खांबाला अंगठा लावला.
नखाच्या मुळापासून टोकापर्यंत. बरोब्बर एवढाच.

मग बूट घातले.