माग

चौकीवरच्या कप्तानाने आमच्या फळ्यासुद्धा मोजल्या.
माणसं पाच, फळ्या दहा, काठ्या दहा.
शिक्का मारताना त्याला खोकल्याची उबळ आली,
शिक्का तिरका पडला.
"नदीकडे कॅमेरा नाही," तो म्हणाला,
"आणि नदीपलीकडे बोटही नाही."

पामीर नदी तेव्हा गोठलेली.
पलीकडच्या काठावर कुणी खोकलं तर
अलीकडे कळावं,
एवढीच रुंद.

अलीनझर पुढे. त्याच्या स्की बापाच्या,
जुनं सैन्य परत गेलं तेव्हा मागे राहिलेल्या.
टोकाला पत्रा ठोकलेला, तळाला बकऱ्याचं कातडं,
चढावर धरतं, उतारावर सोडतं.
"भाऊ असावा तर असा," तो म्हणाला,
आणि मग दुपारपर्यंत काहीच बोलला नाही.

तिसऱ्या दिवशी, खिंडीखालच्या उतारावर,
जिथे अजून कुणाचं पाऊल पडलं नसेल
म्हणून आम्ही एवढ्या लांबून आलो होतो,
तिथे एक माग होता.

नदीपासून सरळ वर.
रबरी गलोशांचा. डावा पाय खोल रुतलेला,
बाजूला काठीची भोकं,
एके ठिकाणी बसल्याची खूण,
शेजारी ओझं टेकल्याची.
परतीचा माग नव्हता.
वर मेंढ्यांच्या दगडी गोठ्यातून
धूर निघत होता, हिवाळ्यात जिथे कुणी राहत नाही.

चौकी कुठे आहे ते अलीनझरने
मान न वळवता पाहिलं.
"सगळ्यांनी इथूनच. वळणं छोटी घ्या. आडवी."

आम्ही उतरलो. चढलो. पुन्हा उतरलो.
आदल्या आठवड्यात त्याच्या घरी, चुलीपाशी,
शरीफमो घोंगडी विणत होती,
धोटा इकडून तिकडे, तिकडून इकडे,
उभा धागा दिसेनासा होईपर्यंत.

काठीची भोकं तेवढी उरली.
ती त्याने गुडघ्यावर बसून,
हातमोजा काढून,
एकेक करून बुजवली.

परतताना कप्तानाने फळ्या मोजल्या.
दहा. माणसं पाच.
दुर्बीण खाली न घेता विचारलं,
"एकाच उतारावर दिवसभर काय चाललं होतं?"
"पाहुण्यांना वळताच येत नव्हतं," अलीनझर म्हणाला,
"शिकवत होतो."

कप्तानाने दुर्बीण खाली घेतली
आणि माझ्याकडे, वीस वर्षं बर्फात काढलेल्या माझ्याकडे,
फार कीव करून पाहिलं.