पहाटे पाचची साठ सेकंदं

लिमाहून कागद आला:
"टॅनिनयुक्त पेयांमुळे लोहाचे शोषण
लक्षणीयरीत्या घटू शकते."
दोनदा वाचला, आणि शेगडीशेजारी ठेवून दिला.
केचुआत शोषण म्हणायचं तर चोखणं म्हणावं लागतं,
आणि लोखंड म्हणजे आमच्याकडे
खिळा, पहार, खाणीतला गंजका डबा.
लेकरांच्या ताटात हे कसं वाढू?

आसांगारोच्या रेडिओवर मला साठ सेकंदं मिळतात,
हिमाच्या इशाऱ्यानंतर,
अल्पाकाच्या लोकरीच्या भावाआधी.
तेव्हा चुली पेटलेल्या असतात,
बाया ऐकतात, हात बटाट्यांत.

म्हणाले:
"पोरांच्या रक्तातला लालपणा चहा पळवतो."
सोपं. खणखणीत.
काचेपलीकडून एव्हारिस्तोनं मान डोलावली.

तिसऱ्या आठवड्यात बाजारात
फोर्तुनाता तुर्पोनं माझी बाही धरली.
तिनं घरातून चहाच हद्दपार केला होता,
मुन्याच्या पाल्याचा काढासुद्धा.
"सासरा ऐंशीचा. थंडीनं बोटं वळत नाहीत त्याची.
कपाशिवाय हात कुठं शेकणार?
नऊ दिवस बोलला नाहीये माझ्याशी.
तूच म्हणालीस ना, पळवतो म्हणून?"

म्हणाले होते खरी.
कागदात 'घटू शकते' होतं.
त्यातलं 'शकते' मी खाल्लं होतं.

विषय बदलावा म्हणून विचारलं,
धाकटी कोंबडीचं रक्त खाते का, कांद्यावर परतलेलं?
"खाते की. वर लिंबू पिळते मी."
लिंबू कुणी सांगितलं?
"सांगायला कशाला हवं? वास मारतो ना त्याचा."

लिंबू कागदाच्या दुसऱ्या पानावर होतं,
आम्लाविषयीच्या चार ओळींत.
दुसरं पान मी उलटलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी साठाची नव्वद सेकंदं केली.
लोकरीचा भाव खोळंबला,
शिव्यांचे तीन फोन आले.
म्हणाले: चहा चोर नाही,
अवेळी येणारा पाहुणा आहे.
पंगतीत बसवू नका.
भांडी घासून होईतो उंबऱ्याबाहेर थांबवा,
मग खुशाल आत घ्या.
तान्ह्यांना, रांगत्यांना मात्र नकोच.
आणि भाजीवर, डाळीवर लिंबू पिळा.
फोर्तुनाता तुर्पो पिळते,
वेगळ्या कारणासाठी, पण पिळते.

सासऱ्यानं ऐकलं का, ठाऊक नाही.
पुढच्या बाजारात ती दिसली नाही.

कागद अजून शेगडीशेजारी आहे,
एका कोपऱ्याला तेल लागलंय.
'शकते'खाली पेन्सिलीची रेघ आहे.
आमच्या बोलीत 'कदाचित'साठी
एक इवलासा प्रत्यय आहे,
शब्दाच्या शेपटाला, उचकीएवढा:
चा.
सेकंदं कापायला बसलं
की पहिला तोच गळतो.