लांडगा

कुडतरीच्या इगर्जीतला ऑर्गन
तीन वर्षं नुसता खोकत होता.
पणजीहून कुणी येईना,
तेव्हा पाद्रींनी मला निरोप धाडला:
मी म्हार्दोळचा पेटीवाला,
भजनी मंडळांच्या फाटक्या भात्यांचा शिंपी.

भात्याचं कातडं उंदरांनी खाल्लेलं, ते शिवलं.
नळ्यांतून निघाली कुंभारणीची मातीची घरं,
मेणबत्तीचं बूड,
आणि कुणा पोराने मास चालू असताना
आत टाकलेलं तांब्याचं नाणं.

मग सूर लावायला बसलो.
शेजारी मेस्त बॉस्त्यांव, वय एक्याऐंशी,
मांडीवर लॅटिन वही,
चार रेघांवर काळे चौकोन,
रात्रीच्या मिठागरासारखे.
म्हणाले, तुझ्या पेटीसारखा लावू नकोस.
ती सगळ्यांनाच थोडं थोडं फसवते.
याचे गंधार निखळ ठेव.

ठेवले.
आणि देवळात आजोबांच्या तंबोऱ्यातून
न छेडता निघायचा
तोच गंधार
शिशाच्या नळीतून आला.
मी हात पुसले. उगाचच.

पुढे बोटं दोन काळ्या पट्ट्यांवर पडली
आणि आत काहीतरी विव्हळलं.
"थंय बोट घालूं नाका, पेटयेकार.
तो लांडगा."
बाकी सगळं गोड करताना जे उरतं
ते कुठेतरी कोंबावंच लागतं, म्हणाले;
जुने मोतेत लिहिणारे
त्या वाटेने जायचेच नाहीत.

काढू का, विचारलं.
राहू दे. त्याला दुसरी जागा कुठे आहे?

चाळिसाच्या तिसऱ्या शुक्रवारी मीच भाता मारला.
खाली फिलुमेनाचा आवाज, वर तिच्या भावाचा,
एकमेकांना ओलांडत, मागे राहत,
त्या दोन पट्ट्यांच्या उंबऱ्याशी आले
आणि वळले.
कुणाला कळलं नाही. मला घाम फुटला.

परतताना बोरीच्या पुलावर स्कूटर थांबवली.
आमची देवी वेरण्याहून
याच नदीवरून रात्रीत पलीकडे आली
असं म्हातारे सांगतात. आवाज न करता.
सीटखाली विगारांनी दिलेला माडाचा गूळ,
खिशात ते नाणं. द्यायचं विसरलो होतो,
किंवा नाही.

घरी येऊन पेटी उघडली,
सगळ्या पट्ट्या वाजवून पाहिल्या.
एकही ओरडली नाही.

पहाटेपर्यंत शोधत होतो
हिने तो कुठे ठेवलाय.