हामानचे खिसे

विनिपेग. मार्च. काचेवर आतल्या बाजूनंही बर्फ.
पुरिम उद्यावर आला, शिफ्रा,
आणि मी तुझ्या ओट्याशी उभा आहे,
कापायच्या टेबलाशी उभा राहायचो तसाच;
फक्त कात्री नाही, म्हणून हात कुठे ठेवावेत कळत नाही.

बेचाळीस वर्षं मी खिसे शिवले.
कोटांचे, रेल्वेवाल्यांच्या बंड्यांचे,
घड्याळापुरते, चोरखिसे, अस्तराआडचे.
तू वर्षातून एकदाच शिवायचीस:
हामानचे, तीन कोनांचे, काळ्या खसखशीनं फुगलेले,
आणि म्हणायचीस, 'माझे बघ, कधी उसवले?'
माझं तोंड भरलेलं असायचं. वाद टळायचा.

कृती तू लिहून ठेवली नाहीस. मी विचारली नाही.
मला आठवतात ते आवाज:
दळणीचा दांडा करकरताना,
मधाच्या बरणीचं चिकट झाकण,
आणि तुझं मोजणं,
आकड्यांऐवजी जुन्या गावच्या शेजारणींची नावं घेत:
एक मूठ ब्रायना, एक मूठ मेरा,
अर्धी मूठ ती कंजूष त्सिपे.
तेवढ्या भांडवलावर मी पीठ तिंबलं.

पहिली खेप उसवली.
ओव्हनच्या काचेतून बघत होतो,
कोनांनी एकेक करून हात सोडले,
सारण ट्रेवर सांडलं, करपलं.
माझ्या हातचा खिसा, आणि उसवला!
मग मापपट्टी काढली.
शिवणीला सोडतात तसा अर्धा इंच सोडला,
कडेला अंडं लावलं, चिमटीत धरून मोजत राहिलो,
ब्रायना, मेरा, त्सिपे, परत ब्रायना.
टिकले. एक सोडून सगळे.

वाटायला बश्या काढल्या, निळ्या काठाच्या.
पाचच.
सहावी फुटली म्हणाली होतीस,
गेत्सलशी माझं दुकान तुटलं त्या हिवाळ्यात.

दार वाजलं. वाटलं, पोरं असतील,
कागदी मुकुट, कापसाच्या दाढ्या, घाई झालेली.
गेत्सल होता. टोपीवर बर्फ.
एकोणीस वर्षं सिनेगॉगात
हामानचं नाव आलं की आम्ही दोघं एकाच वेळी पाय आपटतो,
बोलणं म्हणाल तर तेवढंच.

त्याच्या हातात निळ्या काठाची बशी.
वर एक संत्रं, एक खारवलेली काकडी.
'रिकामी कशी आणू,' म्हणाला.
'दर पुरिमला मागच्या जिन्यानं यायची ती,
पिशवीतून काढून हिच्यावर रचायची.
मागच्या वर्षी म्हणाली,
पुढच्या खेपेला ही तूच नेऊन दे.'

शिफ्रा.
म्हणजे तुला तेव्हाच ठाऊक होतं.
आणि मी, खिशांचा कारागीर,
माझ्याच घरातला चोरखिसा
मला एकोणीस वर्षं चाचपता आला नाही.

तो बसला. कोट न काढताच.
दुसऱ्या खेपेतला एक उचलला, उजेडाकडे धरला,
अंगठ्यानं कड दाबून पाहिली.
'अर्धा इंच?'
'अर्धा.'
'पाऊण हवा होता.
तू कायमच शिवणीत कापड वाचवलंस, लाझर.'

दुकान याच पाव इंचावरून तुटलं होतं.
मला राग यायला हवा होता; तो जिथे ठेवला होता
तिथे हात घातला, तर नुसती लव लागली बोटांना.
त्यानं चावा घेतला. सारण हनुवटीवर आलं.
साखर विसरलास, तो म्हणाला. मी म्हटलं, मध आहे.
म्हणाला, मधही विसरलास.

आणि मग पिकली, शिफ्रा,
दातांत अडकलेली, नाकातोंडातून आलेली,
दोन म्हाताऱ्यांची काळीकुट्ट खसखस,
डोळ्यांत पाणी येईपर्यंत.

तिसरी खेप आत करपत होती.
वास दोघांनाही आला.
तो काकडी कापत होता, मी संत्रं सोलत होतो.