यष्टीमागून

बसवंत मुतगेकरचा चेंडू
जगात सगळ्यात जास्त वेळा मी बघितलाय.
फलंदाज बघायचे समोरून, आणि थोडाच वेळ.
मी बघायचो उकिडवा, घामाने डोळे चुरचुरत,
वडगावच्या तांबड्या मातीवर ताणलेल्या काथ्याच्या मॅटवर,
जिचा एक खिळा कायम सैल,
आणि त्या खिळ्याचा पत्ता फक्त आम्हा दोघांना.

डावखुरा. चार पावलांचा रनअप,
पाचवं टाकावं की नको अशा विचारात थांबल्यासारखा.
तर्जनीच्या आतल्या बाजूला घट्टा.
घरात सगळ्यांच्याच बोटांना घट्टे होते, मागावरचे,
म्हणून त्याच्या आईला कळलंच नाही कितीतरी वर्षं
की हा दिवसभर दुसरंच काही विणतोय.

हुबळीला झोनची मॅच.
मांडवात निवड समितीचे तिघे, वडे खात.
बसवंतने सोडलेला चेंडू हवेत असा लोंबकळला
जसा दुसऱ्या रेल्वे गेटाशी
मालगाडीसाठी खोळंबलेला टांगा.
फलंदाज दोन पावलं पुढे,
बॅट आणि बुटामधून म्हैस जाईल एवढी फट.
आणि मी उठलो.
चेंडूच्या आधी उठलो.
ग्लोव्हजखालून गेला. चार बाय.
तेव्हा तो फलंदाज बावीसवर होता,
थांबला एकशे अडुसष्टला.
मांडवातल्या तिघांनी वड्यांचे कागद चुरगाळले.

संध्याकाळच्या पॅसेंजरमध्ये बसवंत काही बोलला नाही.
धारवाडला पेढे घेतले, अर्धे मला दिले.
शिव्या घातल्या असत्या तर बरं होतं.

राज्याच्या संघात गेला तो तीन वर्षं उशिरा.
सात मॅच. एकोणीस विकेट.
कानडी पेपरात तो बी. मुतगी,
मराठी पेपरात बसवंतराव मुदगेकर,
आणि बेंगळूरच्या फळ्यावर जागा पुरेना
म्हणून नुसता मुत.
त्यावर आम्ही वर्षभर हसलो. तोही.
आठव्या मॅचला पाणी नेलं मैदानात,
मग पत्र आलं नाही.

आता पासष्टीला आलाय.
पतियाळाचा डिप्लोमा लॅमिनेट केलाय, पण भिंतीवर नाही;
किटबॅगेच्या तळाला अंथरतो, ओल चढू नये म्हणून.
सकाळी सहाला नेट.
टप्प्यावर पाच रुपयांचं नाणं. लागलं तर तुझं.
पोरं कानडीत विचारतात, हा मराठीत सांगतो,
मराठीत विचारलं तर कानडीत.
बैलहोंगलची दानेश्वरी परवा म्हणाली,
"सर, निधान अंदरे एष्टु निधान?"
हळू म्हणजे किती हळू.
बराच वेळ टोपी काढून डोकं खाजवलं त्याने.
"त्याला दोन विचार सुचतील येवढं.
एकच सुचला, तर मारतोय बघ."

माझं स्टोव्ह-कुकर दुरुस्तीचं दुकान
त्याच मैदानाच्या भिंतीला लागून.
नव्या प्रत्येक कीपरला तो जे सांगतो ते इथवर येतं:
"उठू नको. आधी चेंडू उठू दे, मग तू."
माझं नाव कधीच घेत नाही.
शिट्ट्या तपासताना, त्या आवाजातसुद्धा,
ते न घेतलेलं नाव मला ऐकू येतं.

गेल्या रविवारी कीपर पोराला ताप.
बसवंत भिंतीवरून डोकावला. "काय करुलास?"
मी गुडघ्यांचं सांगितलं.
"एकच ओव्हर," म्हणाला.
बसलो. दोन्ही गुडघे वाजले, दानेश्वरीला हसू फुटलं.
मग तिने चेंडू सोडला
आणि तो गेटाशी खोळंबला.
तोच.
पोरगा पुढे धावला, चुकला.
चेंडू पडला, वळला, उठला.
मी बसून राहिलो.
बरगडीवर आपटून पायाशी पडला,
पोरगा अजून क्रीजच्या बाहेर, मी अजून खाली,
आणि बसवंत, चाळीस वर्षांनी, गळा फाडून:
"आता ऊठ की लेका!"

दोघांनी हाताला धरून उठवलं.