पाहा : कुटुंब

साठ मार्क ठरले, तेही तोंडी.
प्राध्यापक लोरेन्त्स यांच्या ग्रंथाची तिसरी आवृत्ती,
सहाशे बारा पानं,
आणि मागे जोडायची शब्दसूची माझ्याकडे.
म्हणाले, फ्रॉइलाइन ओस्टेन, तुमचं अक्षर सुरेख आहे.

अक्षर.
चार वर्षं मी त्यांच्या वर्गात शेवटच्या बाकावर बसले,
पाहुणी म्हणून, त्यांच्या लेखी परवानगीनं.
ती चिठ्ठी अजून जपून आहे, जुन्या हातमोज्यात.
हजेरीपटात आमचा रकाना वेगळा होता : ऐकणाऱ्या.

ब्रेस्लाउमध्ये फेब्रुवारीत
ओडरवरचं धुकं कुठे संपतं आणि कोळशाचा धूर कुठे सुरू होतो,
ते कळत नाही.
त्यांच्या अभ्यासिकेला लागून एक अरुंद खोली,
बुटांचं खोकं, खोक्यात चिठ्ठ्या.
'श्रमविभागणी' : चौसष्ट पानं.
'राज्य' : एकशे दहा.
'स्त्री' : तीन जागा, एक तळटीप.
पान दोनशे सात, ती निसर्गाच्या अधिक जवळ असते.
पान दोनशे आठ, म्हणून.
तळटीपेत वेड्यांची आकडेवारी; तिथे ती उभी
विवाहित आणि अविवाहित अशा दोन रांगांत.

नोंद फार लहान असेल तर
मोठ्या नोंदीकडे पाठवायची, असा नियम.
मी लिहिलं,
स्त्री — पाहा : कुटुंब.
कुटुंबाकडे गेले.
तिथे माझ्याच सुरेख अक्षरात, सकाळीच लिहिलेलं,
पाहा : घरधनी.

मग 'पुरुष' शोधला.
खोकं उपडं केलं, टेबलाखाली वाकून पाहिलं.
चिठ्ठीच नव्हती.
बराच वेळ गुडघ्यांवर तशीच बसले होते
तेव्हा ध्यानात आलं :
जे पानोपानी असतं
त्याची सूची कोण करतं?
कागदाची करत नाहीत. शाईची करत नाहीत.

भिंतीपलीकडे ते नवा खंड लिहीत होते,
आपले श्रम स्वतःच्या मर्जीनं विकणाऱ्या
आधुनिक माणसाबद्दल.
बाहेर त्यांची बायको मुलांना दटावत होती,
हळू, बाबा विचार करतायत.
रोझीना चार मजले चढून कोळशाची बादली घेऊन आली.
चिठ्ठ्यांकडे बघत म्हणाली,
माझं आहे का काही यात?

मी 'नोकर' काढून वाचलं,
पाहा : सरंजामशाही, तिचे अवशेष.
अवशेष म्हणजे काय?
म्हणजे मागे उरलेलं.
मग बरोबर आहे, म्हणाली,
मी जेवते तेच.
आणि शेगडीत कोळसा घालून गेली.

त्या रात्री मी काही नोंदी वाढवल्या. पानांचे आकडे नसलेल्या.
बादली, कोणी आणली.
दटावणं, मुलांना, दुपारी दोन ते पाच.
मुद्रितं वाचून दुरुस्त करणारी (पाहा : बायको, पाहा : अर्पणपत्रिका).
शांतता, घरातली : सर्वत्र.

त्यांनी निळ्या पेन्सिलीनं सगळ्यांवर रेघ मारली,
रागावले नाहीत, उलट थोडे हसले,
थकलेल्या माणसाला विनोद सुचतात म्हणाले.
एक मात्र ठेवली. शांतता.
तिच्यापुढचा 'घरातली' खोडून वर लिहिलं 'सामाजिक',
आणि 'सर्वत्र'खाली दोनदा रेघ ओढली,
उत्तम, अगदी हेच मला म्हणायचं होतं.

ग्रंथ आला जूनमध्ये.
प्रस्तावनेच्या शेवटी
'सूचीच्या कामी झालेल्या साहाय्याबद्दल' आभार आहेत,
कोणाचे ते नाही.
साठातले अठ्ठावन्न मिळाले, शाईचे दोन कापून.

बाद चिठ्ठ्या माझ्याकडे आहेत.
रोझीना मागत होती शेगडी पेटवायला, मी दिल्या नाहीत.
एक तेवढी तिनं न विचारता नेली होती,
काल परत मिळाली.
मागच्या कोऱ्या बाजूवर तिचा महिन्याचा हिशेब,
वेडंवाकडं अक्षर :
साबण, टाचा, आईला पाठवले चार,
आणि खाली, बेरजेच्या जागी,
काहीच नाही.