गिट्टीखदान

धंतोलीतल्या तळमजल्यावर, एसीत,
बाहेरचं शेहेचाळीस खोटं वाटतं.
कमरेशी पाण्याची उशी.
मेश्राम मॅडम म्हणतात, "हलू नका काका,
अकरा मिलिमीटरचा आहे, नेम चुकतो."

टक्. टक्. टक्.
ना घण, ना ठिणगी, ना घाम.
कातडीला पत्ता नाही
आणि आत कोणीतरी खडा फोडतंय.

आमचा बाप, डोमाजी,
गिट्टीखदानीत ब्रासवर मजुरी घ्यायचा.
एकदा कपची डोळ्यात गेली, तरी अर्धा ब्रास पुरा केला.
त्याचे ठोके कोणी मोजले नाहीत.
माझे पडद्यावर : दोन हजार नऊशे बारा, तेरा...

चौथ्या दिवशी चहाच्या जुन्या गाळणीत
चिमूटभर लालसर रेती.
बायको म्हणे, "फेका न जी ते!"
मी कागदाच्या पुडीत बांधली.
डॉक्टरला दाखवायची, म्हणालो.